कुत्र्याच्या पिल्लाला ‘निवांत’ शिकवायचंय? शब्द शेवटी, सवय आधी

तांबू आमच्याकडे आला तेव्हा जेमतेम आठ आठवड्यांचा होता. जुलैचा धो धो पाऊस, गोव्यातल्या डिचोलीच्या बाजारात एका बंद गाड्याखाली भिजून बसलेला. मुलाने छत्रीत घेऊन घरी आणला. दोन दिवस नुसता झोपून होता. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी सात वाजता त्याच्या अंगात जे काही संचारलं ते पुढचे दोन महिने रोज सातच्या ठोक्याला संचारत राहिलं. सोप्याच्या या टोकापासून त्या टोकाला सुसाट धावणं, सासूबाईंचा पदर ओढणं, मुलाच्या पोटरीला लोंबकळणं. मी ओरडायची “बस!”, नवरा “ए, शांत!”, मुलगा “स्टॉप!”, सासूबाई कोकणीत “ओगी राव रे!” (गप्प राहा रे) आणि तांबूला वाटायचं, आज सगळं घर आपल्याबरोबर भुंकतंय.

चूक कुठे होती हे कळायला मला फार वेळ लागला. मी सुरुवातच शब्दापासून केली होती. शांत होणं म्हणजे काय हे पिल्लाला ठाऊकच नसताना आम्ही त्याला त्या शांततेचं नाव ऐकवत होतो. आधी त्याला शांत राहण्याची सवय लागू द्यायची, त्या सवयीचा त्याला फायदा दिसू द्यायचा आणि मग तिला एक शब्द चिकटवायचा. हा क्रम पाळला तेव्हा तीन आठवड्यांत फरक दिसू लागला. तुमचं पिल्लू आठ आठवड्यांपासून पाच-सहा महिन्यांपर्यंतचं असेल तर खालच्या क्रमाने जा. मोठ्या कुत्र्यालाही हेच चालतं, फक्त दिवस जास्त लागतात.

काय काय हाताशी लागेल

- एक जाड, धुता येणारं अंथरूण. जुन्या गोधडीचा तुकडा उत्तम. हे फक्त सरावाचं, एरवी गुंडाळून ठेवायचं.
- सुमारे दोन मीटरचा साधा पट्टा आणि छातीवरून बसणारा हार्नेस.
- ओढाओढीसाठी जाड सुती दोरी किंवा जुन्या टॉवेलची वेणी.
- झाकणाचे तीन-चार लहान डबे, घरात वेगवेगळ्या जागी ठेवायला.
- खाऊ: मीठ-मसाल्याशिवाय उकडलेलं चिकन, उकडलेलं अंडं, पनीर किंवा उकडलेलं रताळं. तुकडा तुरीच्या डाळीएवढा. त्याहून मोठा दिलात तर दहा मिनिटांत पोट भरतं आणि धडा संपतो.
- लसीकरणाची वही. ती डॉक्टरकडे, पाळणाघरात, नोंदणीसाठी पालिकेत किंवा पंचायतीत, सगळीकडे मागतात. तिचा फोटो फोनमध्येही असू द्या.

सुकी सुंगटं (कोळंबी) पिल्लांना वेड लावतात हे खरं, पण ती खारवलेली असतात, म्हणून टाळा. कांदा, लसूण, द्राक्षं, मनुका, चॉकलेट हे कुत्र्याला विषारी आहे. झायलिटॉल घातलेलं बिनसाखरेचं च्युइंग गमही तसंच. घरात काजूच्या बिया वाळत घातल्या असतील तर त्या उंचावर ठेवा. कच्च्या बीच्या टरफलातलं तेल आपलीच त्वचा भाजून काढतं, पिल्लाच्या तोंडाचं काय होईल विचार करा.

## १. आधी शरीर तपासा

खाज, जंत, भूक, लघवीची घाई, दात येण्याची ठणक यांपैकी काहीही चालू असेल तर पिल्लू शांत बसूच शकत नाही. आपल्या दमट हवेत गोचीड बारा महिने असतात. कानाच्या आत, बोटांच्या फटीत, शेपटीच्या मुळाशी रोज हात फिरवा. गोचिडांमुळे होणारा ताप इथे नेहमीचा आहे. पिल्लू एकाएकी मलूल झालं, तर ‘चला, शिकलं एकदाचं शांत राहायला’ असं समजू नका, डॉक्टरकडे न्या. जंताचं औषध साधारण तीन महिन्यांपर्यंत दर पंधरा दिवसांनी असतं. पार्व्हो आणि डिस्टेंपर या जीवघेण्या आजारांवरची लस सहा ते आठ आठवड्यांपासून सुरू होते आणि रेबीजची तीन महिन्यांच्या सुमाराला. हे वेळापत्रक तुमच्या डॉक्टरकडून लिहून घ्या.

दुधाचे दात तिसऱ्या-चौथ्या महिन्यापासून पडू लागतात आणि सहा-सात महिन्यांपर्यंत पक्के दात येतात. या काळात काहीतरी चावायला हवंच. भिजवून फ्रीजरमध्ये घट्ट केलेला सुती रुमाल किंवा गार गाजर द्या, पण जवळ बसून. नारळाचं सोडण मात्र देऊ नका. आमच्याकडे परसात ढीग असतो, तांबू ते तासन्‌तास कुरतडायचा आणि आम्हाला बरं वाटायचं. मग एका सकाळी त्याच्या उलटीत काथ्याचा गोळाच निघाला. तो आतड्यात अडकला असता तर शस्त्रक्रियेवर गेलं असतं.

## २. झोपेचं वेळापत्रक लावा

हे मला कोणी पहिल्याच दिवशी सांगायला हवं होतं. लहान पिल्लाला दिवसाचे अठरा ते वीस तास झोप लागते. तेवढी मिळाली नाही की ते सुस्त पडत नाही, उलट पिसाळल्यासारखं वागतं. दुपारी न झोपलेलं तान्हं मूल तिन्हीसांजेला किरकिर करतं, अगदी तसंच. आमच्या तांबूचे संध्याकाळचे सात म्हणजे दिवसभराच्या अपुऱ्या झोपेची वसुली होती. मुलगा शाळेतून आला की खेळ, मग शेजारची मुलं, मग पाहुणे. झोपायला त्याला कोणी देतच नव्हतं.

ढोबळ नियम असा: तासभर जागं, दोन तास झोप. जागेपणी आधी बाहेर नेऊन लघवी, मग खाणं, थोडा खेळ, दोन मिनिटं शिकवणी, पुन्हा लघवी आणि मग अंधाऱ्या, वर्दळ नसलेल्या कोपऱ्यात. आम्ही देवघराच्या बाजूचा बोळ निवडला. तिथे पडदा टाकला आणि घरात सगळ्यांना ताकीद दिली की झोपलेल्या पिल्लाला हात लावायचा नाही. मुलाला हे सर्वांत जड गेलं. मग त्यानेच पडद्यावर ‘तांबू झोपला आहे’ अशी पाटी लावली.

एवढ्याने आमचा संध्याकाळचा धिंगाणा चार दिवसांत निम्मा झाला. पुढच्या पायऱ्या जमत नसतील तर आधी झोपेचे तास मोजा.

## ३. फुकटची शांतता पकडा

पिल्लू दिवसात कितीतरी वेळा आपणहून शांत असतं. लादीवर पोट टेकून पंख्याखाली पडलेलं, दारातून पाऊस बघत बसलेलं. आपण तेव्हा काय करतो? ‘बरं झालं, गप्प आहे’ म्हणून पुढच्या कामाला लागतो. उडी मारली, चावलं, भुंकलं की मात्र लगेच वळून बघतो, बोलतो, हात लावतो. ओरडतो तेही त्याच्या दृष्टीने लक्ष देणंच. म्हणजे दंग्याला पगार आणि शांततेला उपास.

हे उलटं करायचं. डबे खोलीखोलीत ठेवायचे आणि पिल्लू पडलेलं दिसलं की गुपचूप जाऊन एक तुकडा त्याच्या पुढच्या दोन पायांच्या मधे ठेवायचा. बोलायचं नाही, ‘शहाणं गं माझं ते’ वगैरे लाड करायचे नाहीत, डोळ्यांत डोळे घालायचे नाहीत, कारण त्याने ते उठून नाचू लागतं. ठेवायचं आणि निघून जायचं. दिवसाला वीस ते तीस तुकडे, आणि तेवढं त्याच्या जेवणातून वजा. पाच-सहा दिवसांत तुमच्या लक्षात येईल की पिल्लू तुमच्याकडे बघत मुद्दाम आडवं होतंय. शांत पडण्याचे पैसे मिळतात हे त्याला कळलं.

या पायरीवर घाई करू नका. मला वाटतं अर्धी शिकवणी इथेच होते.

## ४. अंथरूण

आता गोधडीचा तुकडा काढा. खाली टाका आणि वाट बघा. पिल्लाने त्यावर पाय ठेवला की जिभेने ‘टक्’ असा आवाज करा आणि तुकडा अंथरुणावरच ठेवा. हातातून भरवलात तर त्याचं लक्ष हातावर राहतं. हा ‘टक्’ म्हणजे ‘आत्ता केलंस ते बरोबर’ अशी पावती. आधी मी ‘हां’ वापरत होते, पण आपण फोनवर मिनिटाला दहा वेळा ‘हां’ म्हणतो आणि पिल्लू गोंधळतं.

मग तुकडा नाकासमोरून खाली जमिनीकडे आणि थोडा पुढे न्या, म्हणजे ते आपोआप पोटावर बसतं. टक्, तुकडा. पाठीवर हात दाबून बसवू नका. एका शिकवणाऱ्याने मला सांगितलं होतं की पिल्लाला कुशीवर दाबून धरायचं, सुटायची धडपड थांबेपर्यंत सोडायचं नाही. दोन दिवस मी केलं. तिसऱ्या दिवशी माझा हात जवळ येताच तांबूने दात दाखवले. तो विश्वास परत मिळवायला दोन आठवडे गेले आणि त्याचं मला आजही वाईट वाटतं. धडपड थांबते ती भीतीने. तिला शांतता म्हणत नाहीत.

खरी शांतता ओळखायची कशी हे शिकून घ्या. पोटावर बसलेलं, मान ताठ, मागचे पाय दोन्हीकडे सारखे दुमडलेले, म्हणजे उडी मारायच्या तयारीत. कंबर एका बाजूला कलली, हनुवटी जमिनीला टेकली, कान सैल झाले, डोळे मिटमिटू लागले, एक मोठा उसासा आला, म्हणजे खरोखर सैल पडलंय. सुरुवातीला नुसत्या बसण्याला तुकडा द्या. दोन-तीन दिवसांनी कंबर कलण्याची वाट बघा. पुढे हनुवटी टेकण्याची. मोठा तुकडा त्या उसाशासाठी राखून ठेवा.

वेळ वाढवताना सरळ चढत जाऊ नका. तीन सेकंद, पाच, दोन, आठ, चार, दहा, तीन, अशी वरखाली करा. सतत कठीणच होत गेलं की पिल्लू खेळ सोडून देतं. एका वेळी दोन ते तीन मिनिटं, दिवसातून चार-पाच वेळा, बास.

## ५. आता शब्द

पिल्लू अंथरूण बघून आपणहून आडवं होऊ लागलं की मगच शब्द आणा.

शब्द एकच, आणि घरात एरवी फारसा न येणारा. ‘बस’ आपण पोरांनाही म्हणतो, वाढप्यालाही म्हणतो आणि ‘बस आली’ही म्हणतो. ‘ओगी’ छान होता, पण सासूबाई तो शब्द दिवसभर मुलाला वापरतात. आम्ही ‘निवांत’ ठरवला. त्याचा ‘वां’ लांबवता येतो. बैलगाडी हाकणारा माणूस आठवा. चालवायचं असेल तेव्हा जिभेने टकटक करतो आणि थांबवायचं असेल तेव्हा ‘होऽऽ’ असा लांब, खाली उतरत जाणारा आवाज काढतो. जनावरांना लांब, उतरता सूर थंड करतो आणि छोटे, चढे, पुन्हा पुन्हा काढलेले आवाज पेटवतात. म्हणून “निवांऽऽत” असं, आवाज खाली सोडत.

पिल्लू खाली बसायच्या बेतात असेल त्या क्षणी म्हणा. एकदाच. बसलं की टक्, तुकडा. दहा-पंधरा वेळा असं झाल्यावर शब्द अर्धा सेकंद आधी न्या, मग एक सेकंद. बसलं नाही तर शब्द पुन्हा म्हणू नका. ‘निवांत, निवांत, निवांत’ ऐकणारं पिल्लू एवढंच शिकतं की तिसऱ्यानंतर बघू. दहा सेकंद थांबा, मग दोन पावलं दुसरीकडे जाऊन सोपं काहीतरी करून घ्या.

आणि हा शब्द रागावताना कधीही वापरायचा नाही. राग आलाच तर गप्प राहून खोलीबाहेर जा.

## ६. पेटवा आणि विझवा

इथपर्यंत पिल्लू घरात, भरल्या पोटी, पंख्याखाली शांत होतं. खरी परीक्षा ते पेटलेलं असताना असते. ती वेळ आयत्या वेळी येऊ देण्यापेक्षा आपणच रोज थोडी थोडी आणायची.

दोरी घ्या आणि ओढाओढी खेळा. दहा सेकंद, हसत खेळत, गुरगुरलं तरी चालेल. मग एकदम थांबा. दोरी सोडायची नाही. हात पोटाशी घट्ट आणि तुम्ही पुतळा. पिल्लू आधी जास्त जोरात ओढेल, भुंकेल, पायावर चढेल. नेहमीची युक्ती चालत नाही म्हटल्यावर ते ती मोठ्याने करून बघतं. बरेच लोक नेमकं इथे हार मानतात आणि दोरी हलवतात, म्हणजे मोठ्याने केलं की चालतं हे त्याला शिकवतात. थांबून राहा. पहिल्या दिवशी मला चाळीस सेकंद थांबावं लागलं होतं. कधीतरी पकड सैल होते, चारही पाय जमिनीवर येतात. त्या क्षणी टक्, आणि दोरी पुन्हा जिवंत. खाऊ नाही, खेळ हेच बक्षीस.

तीन-चार दिवसांत पुतळा झालात की ते बुड टेकेल. आठवड्याने थांबताना ‘निवांऽऽत’ म्हणा आणि पूर्ण आडवं होण्याची वाट बघा. मग टक् आणि परत धमाल. एका खेपेला पाच-सहा फेऱ्या, शेवटची फेरी शांततेवर संपवून अंथरुणावर चावायला काहीतरी द्या. मग पेटलेलं असतानाही ते शब्द ऐकून विझू लागतं, कारण विझलं की खेळ परत मिळतो हे त्याला ठाऊक असतं.

खेळताना दात हाताला लागले तर खेळ तिथेच बंद. ओरडायचं नाही, अर्धा मिनिट उठून जायचं. रक्त आलं तर मात्र जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटं धुवायची आणि त्याच दिवशी आरोग्य केंद्रात जायचं. पिल्लू घरचं आहे, लहान आहे, ही सबब चालत नाही. गोवा २०२१ मध्ये रेबीज-नियंत्रित क्षेत्र म्हणून जाहीर झाला, त्यामागे वर्षानुवर्षं दारोदार केलेलं लसीकरण आहे. पण रस्त्यावरून आणलेल्या, अजून लस न झालेल्या पिल्लाबाबत धोका पत्करायचा नसतो.

## ७. बल्कांवावर (घरापुढच्या ओट्यावर)

घरात जमलेलं बाहेर आपोआप जमत नाही. पिल्लाच्या दृष्टीने तो नवाच धडा असतो. वेळ, तुमच्यातलं अंतर आणि आजूबाजूची गडबड या तिन्हींपैकी एका वेळी एकच गोष्ट अवघड करा. गडबड वाढवली की वेळ कमी करा.

अमेरिकेतल्या पशुवैद्यक आणि वर्तनतज्ज्ञ कॅरेन ओव्हरॉल यांनी आखलेला पंधरा दिवसांचा सराव मला इथे फार उपयोगी पडला. त्यात पिल्लू अंथरुणावर असताना आपण रोज ठरलेल्या छोट्या गोष्टी करायच्या: एक पाऊल मागे जाऊन परत या, हळू टाळी वाजवा, जागच्या जागी धावा, दाराआड क्षणभर दिसेनासे व्हा, दार ठोठावा. प्रत्येक वेळी पिल्लू पडूनच राहिलं तर तुकडा. उठलं तर रागवायचं नाही, मागची सोपी पायरी घ्यायची.

आमची गडबड म्हणजे पोदेर, सायकलवरून पाव विकणारा. सकाळी साडेसहाला सायकलचा भोंपू वळणावर वाजला की तांबू गेटवर. म्हणून मी तो आवाज फोनमध्ये भरून घेतला. आधी अगदी बारीक आवाजात घरात वाजवायचा, अंथरुणावर पडून राहिला की तुकडा. दर दोन दिवसांनी आवाज थोडा वाढवला. मग खरा पोदेर, पण आम्ही घराच्या मागच्या बाजूला. मग सोप्यात. मग बल्कांवावर, हार्नेस घालून, पट्टा पायाखाली दाबून. पाच आठवडे लागले. नुस्तेकान्नीच्या, म्हणजे मासेवालीच्या हाकेला त्याहून कमी, पण टोपलीचा वास हे वेगळंच प्रकरण आहे. त्यासाठी चिकनचा तुकडा लागतो, रताळ्यावर भागत नाही.

पाहुणे आल्यावर: आधी पट्टा, मग दार. पाहुण्यांना सांगा की चारही पाय जमिनीवर असतील तेव्हाच त्याच्याकडे बघायचं. लोक ‘असू दे गो, मला कुत्री आवडतात’ म्हणतात आणि अंगावर उड्या मारू देतात. त्यांना हसून पण ठामपणे थांबवा.

एक बारीक सापळा. पिल्लू उडी मारतं, तुम्ही ‘निवांत’ म्हणता, ते बसतं, तुकडा मिळतो. काही दिवसांनी ते खास उडी मारायला येतं, कारण त्याच्या हिशोबात उडी हीच पहिली पायरी झालेली असते. असं दिसलं तर उडीनंतर लगेच शब्द देऊ नका आणि उडी न मारता आलं तेव्हाचे तुकडे वाढवा. तिसऱ्या पायरीचे डबे अजून जागेवर असू द्यात.

## ८. जेव्हा शब्द वापरायचाच नाही

गणेश चवथीचे फटाके, दिवाळीतल्या नरकासुराच्या रात्रीचा गोंगाट, होळीच्या वेळच्या शिगम्याचे ढोल-ताशे. पिल्लू थरथरतंय, शेपटी पोटात घातली आहे, कोपरा शोधतंय, खाऊसुद्धा घेत नाही, म्हणजे ते घाबरलंय. त्याला निवांत व्हायला सांगणं व्यर्थ आहे, आणि शब्दाला भीतीचा वास लागतो तो वेगळाच. अशा रात्री आतली खोली, खिडक्या बंद, पंखा आणि रेडिओ चालू, आणि तुम्ही जवळ बसा. जवळ घेतल्याने भीती वाढते असं लोक सांगतात, ते खोटं आहे. त्याला हवं असेल तर खुशाल कुशीत घ्या. दरवर्षी फारच हाल होत असतील तर चवथीच्या पंधरा दिवस आधीच डॉक्टरांशी बोला.

दमवून शांत करण्याचा मार्गही टाळा. रोज दुप्पट पळवलं तर महिन्याभरात तिप्पट पळणारा कुत्रा तयार होतो. एप्रिल-मेमध्ये तर नऊनंतर डांबरावर नेऊच नका. हाताची मागची बाजू रस्त्यावर सात सेकंद ठेवा. तुम्हाला ठेववत नसेल तर त्याचे पंजेही भाजतील. पावसात बाहेर जाता येत नाही तेव्हा त्याच्या जेवणाचे दाणे गुंडाळलेल्या टॉवेलच्या घड्यांत लपवा आणि शोधू द्या. दहा-पंधरा मिनिटं नाकाने काम केलं की पिल्लू स्वतःच आडवं होतं. आमच्या अख्ख्या श्रावणाला हा टॉवेल पुरला.

## ९. सहाव्या महिन्यानंतर

तांबूला पाचव्या महिन्यात अंथरुणावर तीन मिनिटं सहज जमत होती. सातव्या महिन्यात एके दिवशी ‘निवांत’ म्हटलं तर माझ्याकडे न बघता सरळ गेटवर गेला. मी हबकले, पण हा वयाचा भाग असतो. वयात येणारी कुत्री शिकलेलं काही काळ विसरल्यासारखी वागतात. तेव्हा आवाज चढवू नका, दोन-तीन पायऱ्या मागे जा: अंथरूण पुन्हा घरात, वेळ पुन्हा पाच सेकंद, डबे पुन्हा भरलेले. त्या महिन्यात आमचं रोजचं चिकन दुप्पट लागलं. दीड महिन्याने पोदेराचा भोंपू वाजला तेव्हा तांबू एकदाच भुंकला आणि आपणहून अंथरुणावर जाऊन पडला. गोधडीचा तो तुकडा एव्हाना पार विरला आहे. सासूबाईंनी दुसरा शिवायला घेतलाय.